सव्वा वर्षाचा शब्द

५ नोव्हेंबर
सकाळी एक तेरवी, दुपारी झेरॉक्सच्या दुकानाचं उद्घाटन. फीत कापताना गुडघा असा दुखत होता की फोटोत मी चिडलेला दिसतो. होतोच चिडलेला. लॉ कॉलेजात एवढी वर्षं शिकवलं, तेव्हा कुणाच्या दुःखात गेलो तर गप्प बसून यायचो. आता तेरवीच्या पंगतीतच घरकुलाचा हप्ता का अडला ते ऐकावं लागतं.
घरी आल्यावर बायको, कुंदा, म्हणाली, "हा महिना सरला का सुटले तुमी." महिनाअखेर सव्वा वर्ष पुरं होतं. मग पंचायत समितीच्या सभापतीची खुर्ची विमलबाईंची. सुटलो एकदाचा.

८ नोव्हें.
मासिक सभा. नेहमीप्रमाणे विमलबाई सर्वांत आधी हजर.
सभापतिपद राखीव, आणि पार्टीत राखीवमधून निवडून आलेले आम्ही दोघंच. म्हणून अडीच वर्षांचे दोन भाग केले. विहारासमोर, अख्ख्या लोकांदेखत ठरलं. तेव्हा बाईच म्हणाल्या होत्या, "सरले पहिले बसू द्या. शिकेल मानूस हाय. मी पाहू पाहू शिकून घेईन." स्वतः आयुष्यभर दुसऱ्याच्या वावरात निंदण-खुरपण केलेली बाई. त्या दिवशी तिने मला मोठेपणा दिला.
आज सभा संपल्यावर जवळ येऊन विचारलं, "सर, हे खुर्ची लई खोल दिसते. मांगं उशी ठिवा लागते का?" मी हसलो. गाडीत बसेपर्यंत हसू गेलं होतं. का, कळलं नाही.

१२ नोव्हें.
गजानन आला होता. माझा विद्यार्थी, आता चिखलीत वकील, पार्टीचं कोर्टाचं काम तोच बघतो. म्हणे, "सर, राजीनामा काऊन देता? पदाची अशी वाटनी म्हनजे करारच नाही. लोकहिताच्या विरुद्ध, रद्दबातल. तुमीच शिकवलं आमाले, पहिल्या वर्षाले."
शिकवलं खरं. त्याच्यावर रागावलो, की शब्द आणि करार यात फरक असतो. तो "हो सर, हो सर" करत चहा पिऊन गेला. वाक्य मात्र इथेच ठेवून गेला. आपलेच दात, आपलेच ओठ.

१५ नोव्हें.
दिवसभर लोक. "सर, एक फोन लावा ना." चहाला नाही म्हटलं तर माणूस दुखावतो, हो म्हटलं तर पोट.
पण एका वस्तीवरच्या शाळेला अखेर शिक्षक मिळाला. कितीदा बुलढाण्याला खेटे घातले असतील. तिथली एक म्हातारी हात धरून म्हणाली, "सर हायत म्हनून झालं." हे ऐकायला मी एवढा भुकेला असेन असं वाटलं नव्हतं. येताना दुतर्फा तूर फुललेली, आणि मी मनात पुढच्या वर्षीची कामं ठरवत होतो. पुढच्या वर्षीची! 

१९ नोव्हें.
भाऊंचा फोन, बुलढाण्याच्या बंगल्यावरून. जिल्ह्यात पार्टीचं पान त्यांच्याशिवाय हलत नाही. "सर, घाई करू नका. बाई भोळी हाय, तिचा दीरच चालवीन सारं. बदनामी आपली. तुमच्यासारखा कायद्याचा मानूस पुढं विधानसभेले कामी येईन."
गाजर आहे. कळतं. तरी कुंदाला सांगताना मी विधानसभा हा शब्द जरा हळूच उच्चारला. ती भाकरी थापत होती. "कालपर्यंत गुडघा गुडघा करत होते. आता गुडघा कुठी गेला?"
खरं तर दिराची भीती मलाही वाटते. की वाटून घेतो आहे?

२२ नोव्हें.
राजीनामा लिहिला. दोन ओळी, सकाळ गेली. "वैयक्तिक कारणास्तव" लिहिलं, खोडलं, पुन्हा तेच लिहिलं. जि.प. अध्यक्षांच्या हाती द्यायचा असतो. फोन केला तर ते मुंबईला गेलेले, आठवडाभर नाहीत.
हायसं वाटलं. लाज वाटायला हवी होती, ती जरा उशिरा वाटली.

२६ नोव्हें.
संविधान दिन. पं.स.च्या आवारात उद्देशिकेचं वाचन, नंतर माझं भाषण. पहिल्या रांगेत विमलबाई, इस्तरीचं पांढरं लुगडं, हात पुढे करून सर्वांत मोठ्याने म्हणत होत्या. भाषणात मी दरवर्षी सांगतो की घटना चांगली की वाईट हे शेवटी राबवणाऱ्यावर आहे. आज ते गाळलं. लोकांच्या लक्षात आलं नाही. गजाननच्या आलं. चहाच्या वेळी त्याने माझ्याकडे बघून डोळा मिचकावला.
शिसारी आली. त्याची नाही, माझी. 

२८ नोव्हें.
दुपारी विमलबाई घरी आल्या. अमडापूरपर्यंत एसटीने, पुढे पायी. कुंदाने पाणी दिलं. बराच वेळ पिकापाण्याच्या गोष्टी. हरभरा पेरला का, थंडी पडली का. मग म्हणाल्या,
"सर, मी भांडाले नाही आली. गावात लोकं इचारून राह्यले, बाई कवा बसता म्हनून. मायी पोरगी सासरहून येऊन बसली, माय खुर्चीवर बसन ते पाहाले. तुमाले नसन जमत तर नसन. पन लोकायले मी काय सांगू, तेवढं तुमीच सांगून द्या."
म्हटलं, "चहा घ्या."
त्यांनी घेतला. कप स्वतः विसळून ठेवला. कुंदा त्यांना अमडापूरला जाऊन एसटीत बसवून आली आणि तेव्हापासून माझ्याशी बोलली नाही.
दिराचं, बदनामीचं, कायद्याचं, सगळं म्हणता आलं असतं. त्यांच्या तोंडावर एकही खरं वाटलं नाही. मला खुर्ची हवी आहे. एवढंच आहे ते.

२९ नोव्हें.
उद्या मुदत संपते. अध्यक्ष मुंबईहून आले, सकाळी जि.प.त भेटतील. भाऊंनीही सकाळीच बंगल्यावर बोलावलंय, पत्रकारांसमोर जाहीर करायचं म्हणे, सर पूर्ण अडीच वर्षं राहतील. दोन्ही बुलढाण्यातच. राजीनामा घडी करून बंडीच्या खिशात ठेवला आहे. कुंदाने ती बंडी इस्त्री करून खुंटीला लावली.
संध्याकाळी गाडी लावताना ड्रायव्हर अन्वरने विचारलं, "सर, सकाळी कुठी जाचं? जिल्हा परिषद का बंगला?"
म्हटलं, "चिखली तर येऊ दे, मग सांगतो."
"चिखलीच्या पुढं रस्ता एकच हाय सर. बुलढान्यात गेल्यावर सांगान तरी चालते."
बरं, म्हटलं.