गुरू: कोणी नाही

६ जानेवारी २०२५, सोमवार

पेपरात बातमी आली. तीन चुका! पुतळ्याची उंची तीन फूट छापली, आहे दोन फूट नऊ इंच. शेडला कारखाना म्हटलं. माझं वय बावन्न, छापलं पंचावन्न. पेपरवाली पोरगी समोर बसून लिहून घेत होती तरी! एक ओळ तेवढी बरोबर — 'गुरू कोण, असे विचारताच सहदेवराव म्हणाले, कोणी नाही.' ती मी तिच्याकडून दोनदा वाचून घेतली होती.

कात्रण पाटीखाली चिकटवलं. पाटीवर आहेच — स्वयंशिक्षित मूर्तिकार, देऊळघाट.

सारिका म्हणाली, "बाबा, खरंच कोनी नाही? माती कशी मळाची तेबी कोनी नाही सांगितलं?"

"तुले सांगाले मी होतो. मले कोनी नव्हतं. म्हनून तू अशी आन् मी असा."

सव्वीस वर्षांची झाली, अजून तोंड पाडून जाते. खरं बोललं की तोंडं पडतात. त्याला मी काय करू?

९ जानेवारी

बीबी गावची एक बाई आली. मंजुळाबाई. एवढ्या लांबून, एसटी बदलत, एकटी. काचबिंदूने नजर जवळजवळ गेलेली. नवरा गोविंदा मातीकाम करायचा — गणपती, पोळ्याचे बैल, असलंच. दिवाळीत वारला. त्याचा अर्धपुतळा पाहिजे. आहे तेवढी नजर विझायच्या आत एकदा पाहायचाय म्हणाली.

फोटो एकच — मतदान कार्डावरचा, वीस वर्षांपूर्वीचा, त्यावरही डाग. मी म्हटलं, यावरून चेहरा होत नाही.

"फोटू कायले लागते तुले, सहदेव?"

अरे-तुरे! सारिका बघत राहिली. म्हाताऱ्या बाया करतात अशी सलगी.

काम घेतलं. नाही म्हणणार होतो.

१४ जानेवारी

आज संक्रांत म्हणून मी गावात गेलो, तर मागे सारिकाने एक डोकं केलं. शेजारच्या सिंधूताईचं. वाईट नव्हतं. कान तर चांगले. पण केसांची वळणं माझी नाहीत, तिचीही नाहीत. कुठून आणली विचारलं. मोबाईलवर कोणी बंगाली माणूस शिकवतो म्हणे!

तार घेतली आणि मधून कापलं. टाळूपासून हनुवटीपर्यंत. साबणासारखं गेलं.

"दुसऱ्यापासून शिकलं त माह्यं राह्यत नाही का, बाबा?"

"नाही राह्यत. नकलेले मी डोकं म्हनत नाही."

माती परत पिंपात. माती मी वाया घालवत नाही. नेमकी तेव्हाच सिंधूताई तिळगूळ घेऊन आली. पिंपात डोकावली आणि हसली, "अगं माय, हे त माह्यंच नाक दिसते!" सारिका घरात गेली. मी तिळगूळ खाल्ला.

१८ जानेवारी

गोविंदाचा चेहरा चार दिवसांत उभा राहिला. फोटो एकदाच पाहिला, परत लागला नाही. रुंद कपाळ. उजव्या भुवईत खाच. खालचा ओठ जाड. डोळ्यांखाली पिशव्या — फुगलेल्या, ताणलेल्या, डावी थोडी मोठी.

सारिका म्हणे, "फोटूत त ह्या नाहीत."

"दारूच्या हायेत. असल्या मानसायले असतातच."

मेलेल्याला नवरदेव करून देणारे पुष्कळ आहेत. मी जे आहे ते देतो. लोक रडतात, रडू द्या.

संध्याकाळी बुबुळं केली. ज्वारीचा दाणा अर्धा दाबायचा आणि उचलायचा. खळीत सावली बसते, पुतळा पाहायला लागतो. ही माझी युक्ती. सत्त्याण्णव साली सुचली.

सारिकाने बोट जवळ नेलं. मी तिच्या बोटांवर लाकडी पट्टी मारली. डोळ्याला बोट लावायचं नाही! मागच्या मार्चात एक म्हातारा असाच शेडमध्ये शिरला होता. मजूर असावा. वाळत ठेवलेल्या पुतळ्याच्या डोळ्यात बोट फिरवत उभा. फाटकाबाहेर काढला. सारिकाने उगाच त्याला पाणी नेऊन दिलं.

२१ जानेवारी

ढगाळ. माती वाळत नाही. सारिका बोलत नाही. काम मात्र बरं चाललंय.

२६ जानेवारी, रविवार

मंजुळाबाई आली. पुतळ्यासमोर उभी केली. पाहून पाहून डोळ्यांतून पाणी आलं, पण दिसेना. म्हणाली, हात लावू का? मी नको म्हणणार, तोच सारिकाने कापड बाजूला केलं, तिचा हात धरला आणि कपाळावर नेऊन ठेवला. माझ्याकडे पाहिलंही नाही!

बोटं भुवईतल्या खाचेवर थांबली. बाई हसली. मग करंगळी बुबुळात.

"दाना ठेवला. तेबी असाच ठेवाचे. म्हनत, सहदेव लय खोल दाबते, कोंबडी चोच मारते तसा! अकरा महिने जेवला तू माह्या हातचं, तवा कुठं बरोबर दाबाले लागला."

सारिका माझ्याकडे वळली. मी कोरणी पुसत होतो. स्वच्छ होती, तरी पुसली.

मग बोटं खाली आली.

"ह्या कशा केल्या तू?"

"दारू पेत असन," मी म्हटलं.

"थेंब नाही घेतला त्या मानसानं! किडनी गेली व्हती त्याची. ह्या पिशव्या मागच्या वर्सी आल्या. त्याच्या आंधी नव्हत्या." परत चाचपल्या. "डावी मोठी — तेबी बराबर. तुले कसं मालूम?"

तीच बोलत राहिली. आपल्या नादात, बोटं तशीच ठेवून.

"मार्चात डायलिसिसले बुलढान्याले आनलं व्हतं. म्हने, देऊळघाटले जाऊन पोराले पाहून येतो. वापस आला त खुश! म्हने, सहदेवची भेट नाही झाली, तो गावाले गेलता. पन त्याच्या हातचे डोये पाह्यले, बरोबर करून राह्यला. आन् पोरगी गुनाची हाय, पानी देल्लं म्हने."

मी म्हटलं, पिशव्यांचा अंदाज केला.

"असन," बाई म्हणाली. हात काढून पदराला पुसला.

२७ जानेवारी

सारिका मंजुळाबाईसोबत बीबीला गेली. कोरण्या नेल्या नाहीत. तिथं गोविंदाबाबाच्या आहेत म्हणाली. बाईची नजर पुरती जायच्या आत त्यांचे जुने साचे कोणते कशाचे, ते विचारून घ्यायचंय.

मी म्हटलं, "मेलेल्याची नक्कल कराले चालली?"

"हाव," म्हणाली.

फाटकातून परत वळली. "बाबा, शेडात येनाऱ्या सगळ्यायले तुमी नाव-गाव विचारता. त्या आजोबायले नाही विचारलं."

गेल्यावर पट्टी घेऊन पुतळ्यासमोर बसलो. पिशव्या छाटून टाकायच्या. दोन मिनिटांचं काम. दुपारपर्यंत बसलो. बरोबर आहेत. हात लावता येत नाही.

२ फेब्रुवारी

तो मजूर नव्हता. फाटकातून आत पाय टाकला तेव्हाच चालीवरून ओळखलं होतं. पाणी देताना सारिकाने विचारलं, "आजोबा, तुमी कोन?" त्यांनी आधी माझ्याकडे पाहिलं. बराच वेळ. मी कोरणी पुसत होतो.

मग म्हणाले, "कोनी नाही, बेटा."