शेवंताचा फुटपाथ

शिकागो, ऑक्टोबर १९७८

ती. अक्कास विजयमालाचा वाकून नमस्कार.

मी खुशाल आहे. इथं फुटपाथला ‘साइडवॉक’ म्हणतात. कॉन्व्हेंटात सिस्टरनी आपल्याला ‘पेव्हमेंट’ शिकवलं होतं. नातवानं विचारलं, "आजी, फुटपाथ म्हणजे काय?" म्हटलं, "जिथं गजरेवाली शेवंता टोपली मांडून बसते आणि ‘अवो बाईसाब, खाली रस्त्यानं चला की!’ म्हणून आपल्यालाच ओरडते, तो फुटपाथ."

इथला अगदी स्वच्छ, रिकामा. दोन मैल चालले तरी कुणी हटकत नाही.

दिवस मावळायच्या आत जेवून तू अजून फिरायला जातेस ना? एकटीच? गुडघा कसा आहे?

वर्धमान म्हणतो, "आई, आता इथंच राहा." त्याला नाही कसं म्हणावं, कळत नाही. शेवंताला मात्र आजच सांग, मी संक्रांतीला येतेय.

तुझी धाकटी,
विजू