हिरव्या काठाची कलमं

रत्नागिरी, ८ जुलै १९८४

आज मामंजींवर जाम चिडले. आंब्याची कलमं बांधायला त्यांना चिंध्या हव्या होत्या, म्हणून माझी जुनी नायलॉनची साडी दिली. ती सोडून त्यांनी चिंध्यांच्या गाठोड्यातलं आईचं हिरव्या काठाचं सुती पातळ फाडलं! आई गेल्यावर माहेरून तेवढंच आणलेलं. पण गाठोड्यात ठेवलं कोणी? मीच ना!

"अगो, नायलॉन कुजत नाही, कलमाचा गळा आवळतं. सुती पट्टी कलम जीव धरेपर्यंत टिकते, मग मातीत जाते," म्हणाले.

पटलं. संध्याकाळी गुपचूप बघून आले. सतरा कलमं, प्रत्येकाला हिरवा काठ. हसूच आलं. लेकीच्या सासरी राहू नये म्हणतात, म्हणून आई इथे एक रात्रही थांबली नाही कधी. आता सतरा ठिकाणी मुक्काम ठोकलाय!