नर्मिनचा उजेड

शुगर लँड,
१२ ऑक्टोबर

शिवू बाळा,

तू, आमचे जावईबापू राजस आणि नातुकली सिया मजेत असाल. इकडे अजून घामाच्या धारा. माझी शुगर नॉर्मल, चालणं चालू. झालं समाधान? फोनवर तू सारखी "बाबा, यू ओके?" विचारतेस आणि मुद्द्याचं राहून जातं, म्हणून हे पत्र.

मी सिनेमे बघायला लागलोय!

नर्मिन आयदन नावाच्या तुर्की सिनेमॅटोग्राफरचे सिनेमे लायब्ररीत लागले होते. समोरच्या सिद्धेशने मला ओढत नेलं. पडद्यावर एक बाई खिडकीशी पाठमोरी, शेंगा सोलत बसलेली. बराच वेळ तेवढंच. सिद्धेश घोरायला लागला, मी मात्र खुर्चीच्या टोकाला! ती वळली. अर्धा चेहरा उजेडात, अर्धा काळोखात. आणि मला एकदम कळलं, हिचं कुणीतरी गेलंय. एका शब्दाशिवाय, गं!

नंतर नर्मिन स्वतः प्रश्नांना उत्तरं द्यायला उभी राहिली, तेव्हा मी विचारलं, "लाइट कमी पडला होता का?" सगळे हसले, नर्मिन सोडून. "दिवा लावला असता, तर इतकं निरखून पाहिलं असतंत?" ती म्हणाली.

अंकाराला ती टीव्हीच्या बातम्यांसाठी कॅमेरा घेऊन पळायची. भूकंप, मोर्चे, सगळं धावतपळत. एक दिवस तिनं ठरवलं, आता कॅमेरा थांबेल, माणसं हलू देत. तिथून तिचे सिनेमे सुरू झाले. असेल तोच उजेड, आणि वाट बघायची. आता इथल्या युनिव्हर्सिटीत शिकवते. माझ्याच वयाची आहे. दर शनिवारी आम्ही गॅल्व्हेस्टनला समुद्रावरचा उजेड बघायला जातो. तिला फ्रीवेची धास्ती, म्हणून ड्राइव्ह मी करतो.

म्हणजे, सुरुवातीला त्यासाठी करत होतो.

मागच्या आठवड्यात तिनं मला इथे, आपल्या घरच्या किचनमध्ये पोहे करताना शूट केलं. बघतो तर हा म्हातारा चक्क गुणगुणतोय! "गुरुनाथ, तुम्ही नेहमीच गुणगुणता," ती म्हणाली. मला पत्ताच नव्हता. आई गेल्यापासून या घरात कुणी गुणगुणलं नव्हतं, शिवू.

हॉलमध्ये तिनं कॅमेरा लावला नाही. आईच्या फोटोकडे बघून म्हणाली, "ती भिंत त्यांची."

जानेवारीत काळ्या समुद्राकाठी तिचा नवा सिनेमा सुरू होतोय. "याल?" तिनं विचारलं. मी हो म्हणालो. शूटिंग बघायला नव्हे. तिच्याबरोबर राहायला.

लिहिलं एकदाचं.

फ्रीमाँटला तुझ्या घरी तू माझ्यासाठी खोली तयार केलीस, रंगसुद्धा माझ्या आवडीचा दिलास. ती सियाला दे. मी पाहुणा म्हणून येत जाईन.

थँक्सगिव्हिंगच्या सुट्टीत नर्मिनला आणू? नको म्हणालीस तर एकटा येईन. जानेवारीत मात्र जाणार. रागाव, भांड, हवं तर रड, पण फोन उचलणं बंद करू नकोस.

तुझा, घाबरलेला आणि फार फार खूश,
बाबा