काळी वाळू धुऊ नये

आये, इथं कारखान्यात पाण्याच्या टाकीवर पाटी लावली आहे. वर इंग्रजी, मधे बंगाली आणि तळाला बाळबोध अक्षरात हिंदी. मी पंतोजीकडं दोन पावसाळे गेलो तेवढंच माझं शिक्षण, म्हणून एकेक अक्षर लावत उभा राहिलो. लिहिलं होतं की टाकीतली काळी वाळू कुणी धुऊ नये, धुईल त्याला कामावरून काढलं जाईल. तीनदा वाचली. मग डोकं असं भणाणलं की हातातली सळई तिथंच टाकून बाहेर दगडावर जाऊन बसलो. मुकादमानं विचारलं, बुखार है क्या. ताप नव्हता आये, राग होता. तो कुणावर काढायचा ते कळेना, म्हणून तुझ्यावर काढतोय. तू जाऊन नऊ वर्षं झाली, तुला आता काय लागणार.

पुढचं तुला सांगायला नको, पण मला सगळं ओळीनं मांडायचं आहे, नाहीतर हा राग घाण्याच्या बैलासारखा जागच्या जागी फिरत राहतो. पावसाळ्यात पंचगंगा तांबडी लाल व्हायची, तिच्यात पांढरं कापड घालायची सोय नसायची. मग दसऱ्यापर्यंत आळीतल्या मोठ्या घरांची पांढरी धुणी आपण परसातल्या आडाच्या पाण्यात काढायचो. पाणी बघावं तर आरसा, प्यावं तर गोड. पण त्यात खार घालून कापड उकळायची भट्टी लावली की कापडावर काताच्या रंगाचे डाग उठायचे. राख चोळा, ऊन दाखवा, बसलेला डाग हलायचा नाही. म्हणून तुझी ती तीन मडक्यांची उतरंड. वरच्या मडक्याला बारीक भोकं, त्यातनं पाणी हातभर अंतरावरनं धारेनं पडायचं. मी घाई करून मडकं खाली आणलं की तू ओरडायचीस, "पान्याला वारा दाव की रं जरा." मधल्या मडक्यात वाळू आणि तळाच्या रांजणात पाणी. ती वाळू तुझ्या सासूच्या वेळची. नदीतनं आणली तेव्हा पांढरी होती म्हणे, पाणी पिऊन पिऊन तिळासारखी काळी झाली. मडकं फुटलं तर तू वाळू पदरात धरायचीस आणि नव्या मडक्यात नव्या वाळूवर जुनीतली ओंजळ घालायचीस. विरजण म्हणायचीस तिला. हातकणंगल्याची मावशी लग्न होऊन गेली तेव्हा तिच्या ओटीत नारळाबरोबर त्या विरजणाची पुरचुंडी होती. मावशी हसली होती की लोक सोनं देतात आणि माझी बहीण चिखल देते.

पण का, ते तू कधी सांगितलं नाहीस. वाळूला हात लावायचा न्हाय, एवढंच. तुलाही कळत नव्हतं असं आता वाटतं. हाताला ठाऊक होतं, तोंडाला नव्हतं. पण तेवढं तरी बोलायचं होतंस. हात लावायचा न्हाय हे लेकराला सांगायचं असतं. मी सोळा वर्षांचा होतो, मिसरूड फुटलं होतं, तुझ्या बरोबरीनं भट्टी भरत होतो.

त्या साली नवरात्राच्या आधीचा आठवडा. गावात घरोघर सगळं धुवायला निघालेलं, गोधड्या, पडदे, डबे, देव. आपल्याकडं तर गाठोड्यांवर गाठोडी. वर मानकऱ्यांच्या घरचं दसऱ्याचं कापड. महाराजांच्या स्वारीबरोबर चालायचे अंगरखे आणि पागोटी, सगळं दुधासारखं हवं. ते टाकायला आलेली त्यांच्या घरची कामाची कुळंबीण परसात डोकावली आणि उतरंडीकडं बघून नाक मुरडून म्हणाली, "अगं बया, परटाच्याच मडक्यात हा मळ? आनि आमची धुनी ह्येच्यात व्हय?" तू घरात होतीस, तू ऐकलं नाहीस. मी ऐकलं. कानापासनं गळ्यापर्यंत जळत गेलो.

दुसऱ्या दिवशी तू धुतलेली गाठोडी पोचवायला गेलीस तेव्हा मी वाळू काढली. आधी नुसत्या पाण्यानं चोळली, काही होईना. मग तांब्याची भांडी घासायला चिंच भिजवली होती, तो कोळ ओतला. काळं कसं झरझर सुटलं म्हणून सांगू. हात काळे, पाणी काळं, आणि खालनं वाळू निघाली नव्या तांदळासारखी. मला वाटलं, सासूच्या वेळचा मळ आज मी काढला. मडकं भरलं, दिवसभर पाणी ओढलं, वारा पण दाखवला बरं का, तुझ्याच पद्धतीनं. खार घातला, मानकऱ्यांचं कापड भरलं, भट्टी पेटवली. तू दिवेलागणीला आलीस तेव्हा दारात उभा होतो शाबासकीसाठी. म्हणालो, "आये, वाळू बघ, कशी निघालीया." तू मडक्यात हात घातलास. मूठ भरून वर काढलीस आणि उजेडात धरलीस. मग भट्टीकडं बघितलंस. "कवा धुतलीस?" म्हणालीस. मी म्हणालो, सकाळीच. तू म्हणालीस, "बरं." एवढंच. मारलं असतंस तर बरं झालं असतं. नऊ वर्षं झाली तरी त्या 'बरं'वर मी ओरडतोय.

कापडाचं काय झालं ते आळीला माहीत आहे. पागोट्यावर डाग, अंगरख्याच्या छातीवर डाग. दसरा तोंडावर. मानकऱ्यांच्या दिवाणजींनी बोलावणं धाडलं आणि आपल्याकडं धुणं टाकणारी जेवढी घरं होती त्या सगळ्यांची माणसं वाड्याच्या चौकात गोळा केली. तू पुढं, मी तुझ्या मागं गाठोडं घेऊन. तू एकदाच म्हणालीस की आडाच्या पाण्यातच काय तरी काळं हाय. तर दिवाणजींनी आपल्या आडाचं पाणी तांब्यातनं मागवलं, सगळ्यांच्या देखत घटाघटा प्यायले आणि मिशा पुसत म्हणाले, "काय गं परटिणी, साखर आहे की ही. पाण्याला नावं ठेवतेस? हात दाखव तुझे." तू हात पुढं केलेस. तुझी नखं काळी, बोटांच्या चिरा काळ्या, वर्षानुवर्षं त्या मडक्यात घालून घालून. ते म्हणाले, "बघा. हे हात आणि आपले अंगरखे." माणसं हसली. ती कुळंबीण तर पदर तोंडाला लावून. "ह्यातलं कुणाचं काम हे, बोल," म्हणाले. तू खाली बघत म्हणालीस, "माजाच हात. चुकी झाली." आणि एका दुपारी आपली धुण्याची सगळी घरं गेली, तुझ्या सासूनं धरलेली, पिढीपासनं चालत आलेली.

आये, तुझ्या नखांतलं काळं म्हणजे त्यांच्या कापडावर पडलं नाही ते काळं. हे त्या चौकात कुणीतरी बोलायला हवं होतं. तू तरी. तुझी वाळू, तुझी उतरंड. तुला कसला एवढा भिडस्तपणा?

त्यानंतर तू दगड फोडायला गेलीस. संध्याकाळी येऊन पुन्हा मडकं मांडायचीस, नदीची नवी वाळू घालून, रोज दोन घागरी ओतायचीस. मी विचारायचो आता कुणासाठी. तू म्हणायचीस, "वाळूला काय ठावं कुनासाठी." मावशीकडनं मूठभर विरजण आणलं नाहीस, मलाही जा म्हणाली नाहीस. का, ते आता कळतं. मी गेलो असतो तर वाळू कुणी धुतली ते मला सांगावं लागलं असतं. मग गाठीचा ताप, प्लेग, आला. गावाबाहेरच्या झोपड्यांत तुला नेलं, तिथनं तू परत आली नाहीस, आणि मी घरी येऊन बघितलं तर मडक्यातली वाळू नुसती तपकिरी झाली होती. काळी व्हायला अजून वेळ होता.

मी निघालो तो कुठं थांबलो नाही. मिरजेत टिकलो नाही, मुंबईत गिरणीत टिकलो नाही. नागपूरकडं खाणीत गेलो, तिथं काळा दगड काढतात, मँगनीज म्हणतात. पहिल्या दिवशी संध्याकाळी हात धुवायला गेलो तर नखं तुझ्यासारखी. मी तसाच बसून राहिलो हात बघत. पुढं मुकादमाशी भांडून तिथनंही निघालो आणि इकडं कलकत्त्याच्या वाटेवरच्या ह्या लोखंडाच्या कारखान्यात आलो. इथंही तेच. एका खाणीतनं येणाऱ्या दगडात ते काळं जास्त असतं, मग लोखंड असं कठीण ओतलं जातं की कानस नुसती घसरते. तेव्हा वितळलेल्या रसात मिस्त्री गंजाची खपली फावड्यानं टाकतो. रस खवळतो, उकळतो, आणि वर काळपट मळी येते, ती आम्ही लांब सळयांनी ओढून काढतो. चेहरा भाजून निघतो. मी मिस्त्रीला विचारलं, गंज कशाला, तर तो म्हणाला, गंज म्हणजे हवा खाल्लेलं लोखंड. मँगनीजला हवेची हाव लोखंडापेक्षा जास्त. ते गंजातली हवा हिसकावून घेतं, लोखंडापासनं वेगळं होतं, आणि रस सोडून वर निघून येतं. मी सळई धरून उभा, आणि कानात तू. पान्याला वारा दाव की रं.

पाण्याच्या टाकीचं कालच कळलं. इथल्या पाण्यातही तेच मँगनीज, साहेबांच्या बंगल्यात धुणं डागाळायला लागलं म्हणून ही टाकी बांधली. वरनं चाळणीतनं पाणी पडतं, खाली वाळू. तपासणीच्या खोलीत एक बंगाली बाबू असतो, चष्मेवाला, भला माणूस आहे. मी पाटीबद्दल विचारलं तर त्यानं मला वर चढवून वाळू दाखवली, तिळासारखी काळी. म्हणाला, "रेती को काला होने दो. ये काला ही काला को पकड़ता है. धोया तो सब गया." पहिल्या साली एका गड्यानं धुतली होती, तेव्हा दोन महिने बंगल्यातलं धुणं डागाळत होतं, म्हणून पाटी. मी त्याचे हात बघितले. नखं काळी. त्याला कुणी चौकात उभं करत नाही. साहेब त्याच्याशी हात मिळवतो.

तर हा माझा राग. साहेबाच्या अंगरख्यासाठी तीन भाषांत पाटी, आणि तुझ्यासाठी चौक. बाबूला खुर्ची, तुला दगड फोडायचा हातोडा. दिवाणजी तर अजून असतील, मिशा पुसत. वाटतं ही पाटी उपटून घेऊन जावी आणि त्यांच्या चौकात रोवावी. मोठ्यानं वाचून दाखवावी, अडखळत का होईना.

पण तसा मी जाणार नाही. दोनदा रजा मिळाली, दोनदा हातकणंगल्याचं तिकीट काढायच्या खिडकीपर्यंत गेलो. मावशीकडं ते विरजण अजून असेल, ती मूठभर देईलही. पण मडकं काढता काढता ती विचारील, तुमची वाळू कशी गेली रे. दोन्ही वेळा खिडकीवरनं माघारी फिरलो.

तू गप्प बसलीस म्हणून मी चिडलो, असं मी इतकी वर्षं स्वतःला सांगतो आहे आणि ह्या कागदावरही तेच लिहीत आलो. हा कागद मी बाबूला वाचायला देणार नाही, कुणालाच नाही. त्या दिवशी चौकात दिवाणजींनी विचारलं तेव्हा तू मागं वळून बघशील म्हणून मी गाठोडं तोंडापुढं धरलं होतं. तू वळली नाहीस. "माजाच हात" म्हणालीस. आणि आये, मला बरं वाटलं.