आधी प्रायमिंग!

२६ सप्टेंबर २०२५
गावात आग विझवायचा डिझेल पंप आला. फायर प्रमुख मी. सभेत दुसऱ्या कुणी हातच वर केला नाही, म्हणजे निवड एकमताने.
घरी वैजयंतीला प्रायमिंग समजावलं. पंपात आणि पाइपात आधी पाणी भरायचं, हवा काढायची, मगच पंप विहिरीतलं ओढतो. पाइपच्या खालच्या टोकाला फुटवॉल, म्हणजे भरलेलं पाणी खाली सांडू न देणारी झडप. ती म्हणाली, आपल्या मोटरीत रोज मीच पाणी भरते. तरी शेवटपर्यंत समजावलं. बायकोला बेसिक पक्कं हवं.

१ ऑक्टोबर, खंडेनवमी
पंपाची पूजा जोरात. पंपाला झेंडूचा हार. फुटवॉलही यंत्रच, म्हणून उरलेली फुलं त्याच्या जाळीत खोचली. असे बारकावे फक्त मला सुचतात. शेजारचा चिमाजी म्हणाला, राव, जरा चालवून तर दावा. सणाच्या दिवशी यंत्राला विश्रांती असते, एवढंही त्याला ठाऊक नाही.

१४ डिसेंबर
ड्रिल ठरवलं होतं. पण थंडी फार, आणि नवा पाइप उगाच का भिजवा? तोंडी ड्रिल घेतलं. हजर: चिमाजी. तंबाखू मळत होता. प्रतिसाद उत्तम.

२ मार्च २०२६
कडब्याची गंजी रचून झाली. म्हशीची पावसाळ्यापर्यंत सोय, दुसरा चारा नाही. वैजयंती म्हणाली, गंजी चिमाजीच्या उसाला खेटून नको, तो पाचट पेटवतो. म्हटलं, मग पंप कशाला आहे?

१९ मार्च, दुपार
चिमाजीने पाचट पेटवलं. वारं सुटलं. गंजीने पेट घेतला. मी एकदम शांत. पंप विहिरीवर लावला.
गाव हंडे-बादल्या घेऊन धावलं. अडाणीपणाने थेट गंजीवर ओतणार होते. ओरडलो, आधी प्रायमिंग! सगळ्यांचं पाणी पंपात ओतायला लावलं. ओतलं की गायब. आणखी मागवलं. चिमाजी बोंबलला, आरं, पानी परत हिरीतच चाललंय, गंजीवर टाकू दे की! सिस्टिम म्हणजे सिस्टिम. मी हललो नाही.
गंजी जळून खाली बसली.

संध्याकाळ
वैजयंतीने फुटवॉल खोलला. झडपेत वाळका झेंडू अडकलेला, त्यामुळे ती मिटतच नव्हती. तिने तो माझ्या तळहातावर ठेवला. लाज वाटली. रोजनिशी कुणी वाचत नाही म्हणून लिहितोय.

२० मार्च
संकल्प: येत्या खंडेनवमीला प्लॅस्टिकची फुलं.
वैजयंती म्हैस घेऊन माहेरी, पेठला निघाली. तिकडे कडबा आहे. म्हणाली, पाऊस पडला, गवत आलं की म्हैस परत आणते. विचारलं, आणि तू? म्हणाली, म्हशीला विचारून सांगते.