खोडलेली चाल

प्रिय मिल्या,

तुला जाऊन अकरा महिने झाले. पुढच्या महिन्यात तुझा पहिला स्मृतिदिन, आणि सुजाता वहिनींनी मला तुझ्याविषयी बोलायला सांगितलंय. पण त्याआधी तुझ्याशीच बोलायला हवं. कारण तुझ्या पोरीनं, गार्गीनं, परवा मला पकडलं रे!

रविवारी बुद्धिबळाच्या क्लासमध्ये मी तो डाव दाखवला. आपला, बंगालमधल्या स्पर्धेतला, शेवटच्या फेरीचा. ज्या विजयावर मी ग्रँडमास्टर झालो तो. गेली कित्येक वर्षं दाखवतोय. एकतिसाव्या चालीला थांबतो आणि विचारतो, “पांढरा कसा जिंकतो?” हत्तीनं एच-सातवरचं प्यादं मारायचं, राजानं हत्ती घेतला की वजिराचा शह, आणि खेळ खलास. पोरं ओरडून उत्तर देतात. मग मी ऐटीत सांगतो, “माझ्या प्रतिस्पर्ध्याला हे दिसलंच नाही. प्यादं ढकललं आणि हरला. दडपणाखाली माणूस आंधळा होतो.” पोरं हसतात. तुझं नाव मी घेत नाही, पण या रविवारी गार्गी समोर बसली होती आणि ते माझ्या ध्यानातही आलं नाही!

तिनं घरी जाऊन तुझी पत्र्याची पेटी उघडली. सोमवारी शाळेतून थेट माझ्याकडे आली, हातात तुझा डाव लिहिलेला कागद.

“काका, पांढरा म्हणजे बाबाच ना?”

“हो.”

“मग हे बघा. त्यांना दिसलं होतं. हत्तीची चाल लिहिलीय त्यांनी. मग खोडलीय.”

आपल्या सरांची ती सवय! पंचवटीतल्या त्या दहा बाय दहाच्या खोलीत दोघांच्या डोक्यात टपली मारून सांगायचे, “आधी लिहा, मग बघा, मग हात लावा.” पुढे नियम आला, खेळायच्या आधी चाल लिहायची नाही. मी मुकाट सोडून दिलं. तुला पंच ताकीद द्यायचे, तू मान डोलवायचास आणि पुढच्या चालीला पुन्हा तेच! हसायचो मी तुला.

मी म्हणालो, “घाई झाली असेल गं.”

“घाई? बाजूला वेळ लिहिलाय काका. चाळीस मिनिटं घेतलीत त्यांनी.”

ती कागदाकडे बघत राहिली आणि हळूच म्हणाली, “म्हणजे बाबा ऐन वेळी कच खायचे.” तेरा वर्षांची पोर तुला भित्रा म्हणाली आणि मी तिला पाणी हवं का विचारलं.

काल वहिनींचा फोन आला. “भाऊजी, हिनं पट माळ्यावर टाकलाय. राज्याच्या निवड स्पर्धेला जात नाही म्हणते. बाबांचंच रक्त आहे, मीही अशीच हरेन, म्हणते. तुम्ही बोललात का काही तिला?”

काय सांगू त्यांना?

तुला ती संध्याकाळ आठवत असेलच. शेवटच्या फेरीच्या जोड्या लागल्या आणि आपण एकमेकांसमोर आलो. नाशिकहून दोन दिवस प्रवास करून गेलो आणि खेळायचं कुणाशी, तर तुझ्याशीच! चहाच्या टपरीवर केवढे हसलो. ग्रँडमास्टर व्हायला मोठ्या स्पर्धांतल्या कामगिरीचे तीन नॉर्म लागतात; माझे दोन झाले होते, जिंकलो असतो तर तिसरा. मी म्हणालो, “उद्या जिंकलो तर झालं रे, मिल्या.” तू म्हणालास, “मग जिंक की लेका. मी काय तुझे हात धरलेत?”

तिथंच थांबायला हवं होतं मी. पण मी पुढं बोललो. “तुला काय फरक पडतो? तुला तसेही अजून दोन लागतात.”

तू हसायचा थांबलास. चहा अर्धा ठेवलास आणि म्हणालास, “चल, थंडी वाजतेय.” एवढंच.

दुसऱ्या दिवशी काय खेळलास तू! तीस चालींत मला भिंतीला टेकवलंस. मी मनातल्या मनात राजीनामा लिहून बसलो होतो. मग तू लिहिलंस, चाळीस मिनिटं पटाकडे बघत बसलास, एकदाच मान वर करून माझ्याकडे पाहिलंस आणि लिहिलेलं खोडलंस. समोरून मला रेघ ओढताना दिसली होती. हो, दिसली होती! ढकललंस ते प्यादं, आणि तासाभरानं हात पुढं करून म्हणालास, “अभिनंदन, ग्रँडमास्टर.”

पंचवटीत माझी उघड्या जीपमधून मिरवणूक निघाली, तेव्हा जीप तूच चालवत होतास. सत्कारात मी सर, आई-बाबा, शाळा, सगळ्यांची नावं घेतली. तुझं घ्यायला जीभ वळली नाही.

आणि ग्रँडमास्टर होऊन मी असे कोणते दिवे लावले? परदेशात दोनदा तिसरा आलो, राष्ट्रीयला एकदा पाचवा. मग रेटिंग घसरतच गेलं. पण किताब कुणी काढून घेत नाही. क्लासच्या पाटीवर आहे, गाडीच्या काचेवर आहे. तू दोन वर्षांत खेळणं सोडलंस, सातपूरच्या कंपनीत स्टोअरला लागलास. मिलिंद इंटरनॅशनल मास्टरवरच अडकला, त्याच्यात तेवढा दम नव्हता, असं लोक माझ्यासमोर म्हणायचे. मी ऐकून घ्यायचो. लाज वाटते रे.

पण तुझाही राग येतो मला. मागितलं म्हणून द्यायचं असतं का असं? दोन शिव्या घालायच्यास, त्या हत्तीनं माझा बाजार उठवायचास! मी वर्षभर रुसलो असतो, मग आलो असतो परत. आणि एवढं करून पंधरा वर्षांत एका शब्दानं बोलला नाहीस. दर दिवाळीला घरी यायचास, माझ्या पोरांना फटाके आणायचास. कसं जमलं तुला?

आता खरं सांगितलं, तर तुझंही नाव त्यात येणार. डाव सोडणारा म्हणून. गेलेल्या माणसाची परवानगी कुठून आणू? दोन दिवस हाच बहाणा करून मी घरात बसलोय. पण पोर खेळ सोडतेय, मिल्या, तुझ्याहून बरी खेळणारी पोर, आणि तेही मी सांगितलेल्या खोट्यापायी.

तेव्हा शब्द देतो. उद्या सकाळी नाशिकरोडला तुझ्या घरी येतो. वहिनींच्या समोर गार्गीला सांगतो, तुझा बाप घाबरला नव्हता, तो जिंकला होता, मी त्याच्याकडून तो डाव मागून घेतला. मग बुद्धिबळ महासंघाला पत्र टाकतो. त्यांना किताबाचं जे करायचं ते करू देत. तिनं मला दाराबाहेर काढलं, तर निघून येईन. निवड स्पर्धेला मात्र तिला पाठवा म्हणून वहिनींच्या पाया पडेन.

ती एक प्रश्न विचारणारच. बाबांनी तुमचं का ऐकलं? त्याचं उत्तर माझ्याजवळ नाही. पंधरा वर्षं तू समोर बसायचास, आणि मी तुला कधी विचारलंच नाही. हेही तिला सांगेन.

तुझा,
हेम्या